आठ घरांचं अक्षर

प्रभाकर पेंटर जाऊन आता वर्ष होईल, पण माझा त्याच्यावरचा राग गेलेला नाही. मेलेल्या माणसाबद्दल चांगलंच बोलावं म्हणतात. ज्यांना जमतं त्यांनी बोलावं. मी भाव करून वर आलेला माणूस आहे. सायकलला पोतं बांधून भंगार गोळा करण्यापासून सुरुवात केली. समोरचा माणूस भाव अर्ध्यावर टाकून उठून गेला की ते मला जन्मभर सलतं. प्रभाकरनं माझ्याशी हे दोनदा केलं.

मेहकरला बसस्टँडच्या मागच्या रस्त्यावर माझं जुन्या कॉम्प्युटरचं दुकान आहे. कचेऱ्या, शाळा, पतसंस्था मशिनं बदलतात तेव्हा त्यांचा जुना माल मी उचलतो, दुरुस्त करतो आणि विकतो. दुकान घेतलं त्या वर्षी पाटी रंगवायला जो आला तो प्रभाकर गवई. उंच, काटकुळा, बाह्यांवर सगळ्या रंगांचे थेंब, आणि डाव्या गालात कायम तंबाखू-सुपारीचा खर्रा. बोलायचं झालं की आधी नालीपर्यंत जाऊन थुंकून यायचा. एवढी ये-जा करून माणूस फालतू काही बोलत नाही, म्हणून त्याचं साधं वाक्यही तोलून आल्यासारखं वाटायचं.

मी म्हणालो, एका रंगात कर. तो नालीवर जाऊन आला आणि म्हणाला, ‘तीन लागतीन.’

‘तीन कायले?’

‘एक अक्षराचा, एक सावलीचा, एक किनारीचा.’

‘सावली अन् किनार काय मले दूध देनार हाय का? एकात कर.’

‘एका रंगाची पाटी सरकारी संडासावर राह्यते, शेठ. तुमचं दुकान हाय.’

शेठ मी तेव्हा कोणाचाच नव्हतो. दुकानात एक खुर्ची होती आणि तिचा एक पाय तुटलेला होता. पण तो ‘शेठ’ म्हणाला आणि मग आयुष्यभर तेच म्हणत राहिला. त्यात मस्करी किती आणि मान किती हे मला कधी कळलं नाही. आम्ही दुपारभर भांडलो. दुसऱ्या दिवशी तो परत आला आणि आम्ही पुन्हा भांडलो. शेवटी दोनवर तुटलं, म्हणजे सौदा ठरला: अक्षर आणि सावली. किनार राहिली.

पाटी रंगवताना तो दर दोन अक्षरांनी शिडीवरून उतरायचा, रस्ता ओलांडून समोर जायचा आणि डोळे बारीक करून पाहायचा. मी म्हणालो, ‘अबे, जवळून पाह्य न.’ तो म्हणाला, ‘जवळून तं कोनीबी वाचते. अक्षर रस्त्याच्या पलीकडून वाचता आलं पाह्यजे.’ मग त्या बाजूला उभा राहूनच ओरडला, ‘किनार पाह्यजे होती, शेठ!’ पुढं अनेक वर्षं, पाटीखालून जाताना तो वर बघायचा आणि म्हणायचा, ‘किनार राह्यली.’

माझं दुकानातलं एक वाक्य सगळ्या रस्त्याला माहीत आहे. गिऱ्हाईक भाव ऐकून मुकाट्यानं वळलं की मी गल्ल्यावरून ओरडतो, ‘ओ भाऊ, भांडून तं जा!’ लोक हसतात. पण ते हसण्यावारी नेण्याचं वाक्य नाही. भांडून गेलेलं गिऱ्हाईक परत येतं. आपल्याशी त्याचं काहीतरी बाकी असतं. न भांडता गेलेलं येत नाही. प्रभाकरला हे वाक्य इतकं आवडायचं की मी ओरडलो की मागच्या टेबलावरून त्याचे खांदे हलताना दिसायचे.

मागच्या टेबलावर तो आला ते फ्लेक्स आल्यावर. वर्षभरात रंगाच्या पाट्या संपल्या. एके दिवशी तो दुकानात येऊन उगाच उभा राहिला. काम माग म्हटलं असतं तर त्यानं मागितलं नसतं. माझ्याकडे तेव्हा मराठी टायपिंगच्या कीबोर्डांचा ढीग होता. वरची अक्षरं बोटांनी घासून गेलेली, चिकटपट्ट्या लावल्या तर महिन्यात निघायच्या. मी एक कीबोर्ड त्याच्यापुढं टाकला. त्यानं खिशातून शून्य नंबरचा ब्रश काढला आणि त्या एवढ्याशा चौकोनी बटणावर असा ‘क्ष’ काढला, की मी तो कीबोर्ड विकलाच नाही. आजही गल्ल्यावर आहे. कीबोर्डांमागून तो मशिनं उघडायला शिकला, मग चालवायला. अकरा वर्षं बसला त्या टेबलावर.

त्याला एकच मुलगी, संघमित्रा. घरी मित्रा म्हणत. जन्मापासून तिला ऐकू येत नव्हतं. ती बाहेरगावी मुक्या-बहिऱ्या मुलांच्या निवासी शाळेत होती आणि सुट्टीत आली की बापाच्या शेजारी स्टूल टाकून बसायची. हातात कायम वही. काही विचारायचं असलं की लिहून विचारायची; अक्षर बापासारखंच गोल, नीट.

एका सुट्टीत मी भंगारातून आणलेल्या मशीनमध्ये एम्युलेटर निघाला. म्हणजे असा प्रोग्रॅम, की जो कॉम्प्युटरला जुन्या टीव्ही गेमच्या डब्याचं सोंग घ्यायला लावतो; मग त्या डब्याच्या कॅसेटीतले खेळ कॉम्प्युटरवर चालतात. प्रभाकरनं त्याचं नाव ठेवलं बहुरूपी. ‘बहुरूपी लावू का, शेठ?’ मित्राला बंदुका, मोटारी यांत रस वाटला नाही. एक जपानी खेळ मात्र ती सोडेना. त्यात एक बुटका वीर गावोगाव फिरतो, लोकांना भेटतो, आणि जो भेटेल त्याचं बोलणं काळ्या चौकटीत अक्षरांनी उमटतं. अक्षरं इंग्रजी. तिनं वहीत लिहिलं, ‘इथे सगळे लिहूनच बोलतात का?’

प्रभाकरनं मान हलवली. तिनं पुन्हा लिहिलं, ‘ही म्हातारी काय म्हणते?’

प्रभाकरला इंग्रजी दहावीपुरतं. त्यानं म्हातारीकडे पाहिलं, पोरीकडे पाहिलं, आणि नालीवर जाऊन आला. पण बोलला काही नाही.

ती शाळेत परत गेल्यावर तो डिक्शनरी घेऊन बसला. परदेशातले काही हौशी लोक असले जुने खेळ उघडून त्यातली भाषा बदलतात, आणि ते कसं करायचं हेही लिहून ठेवतात. ते त्यानं चार महिने वाचलं. मग एक दिवस मला ओढून टेबलाशी नेलं. पडद्यावर खेळातली अक्षरं फाडून मांडल्यासारखी पडली होती. प्रत्येक अक्षर म्हणजे आठ उभी आणि आठ आडवी घरं, काही भरलेली, काही रिकामी.

‘हे तं आपलंच काम हाय, शेठ. चौकडीचं.’ पेंटर मोठी चित्रं चौकटी आखून उतरवतात, त्यातला हा प्रकार. ‘अन् सांगू का? एका अक्षराले हे मशीन तीनच रंग देते. तीन! मशीनले समजते, तुमाले समजत नाई.’

आलेखाच्या वहीत पेन्सिलीनं घरं भरत त्यानं मराठी अक्षरं बसवायला घेतली. आठ घरांत ‘क’ बसतो. पण वेलांटी कुठं द्यायची, मात्रा कुठं? महिनाभर तो तिथंच अडला. मग त्याच्या लक्षात आलं की मूळ जपानी अक्षरांच्या डोक्यावर दोन टिंबं देण्यासाठी प्रत्येक ओळीवर एक रिकामी ओळ सोडलेली आहे. वेलांट्या, मात्रा, अनुस्वार, सगळे त्यानं त्या वरच्या ओळीत नेऊन ठेवले. त्या दिवशी त्यानं मला मागच्या टेबलावर बसवलं, पडदा माझ्याकडे वळवला आणि स्वतः रस्ता ओलांडून समोरच्या टपरीपाशी जाऊन उभा राहिला. डोळे बारीक करून बघत राहिला. एक ट्रॅक्टर मधून गेला, तरी हलला नाही. परत आला आणि म्हणाला, ‘वाचता येते.’

अक्षरं झाली, पण वाक्यं मावेनात. म्हातारीला मूळ खेळात अक्षरांसाठी जेवढी घरं दिली होती तेवढ्यातच तिनं मराठीत बोलायला हवं. प्रभाकर बोटांवर घरं मोजायचा. ‘आपण येथे कशासाठी आला आहात? हे नाई मावत. काऊन आला बे? हे मावते. बसून वर दोन घरं उरतात.’ अशी त्या खेळातली सगळी माणसं वऱ्हाडी बोलू लागली. राजा, पहारेकरी, विहिरीवरची बाई, सगळे.

दिवाळीच्या सुट्टीत मित्राला पहिलं गाव दाखवलं. ती म्हातारीपाशी गेली, चौकट उघडली, आणि थांबली. तिनं पुन्हा चौकट उघडली. बोट ठेवून एकेक अक्षर वाचलं. मग वहीत लिहिलं, ‘बाबा, आपण घरी असे बोलता?’

प्रभाकरनं मान हलवली.

‘आईसुद्धा?’

पुन्हा मान.

तिनं माझ्याकडे बोट केलं. प्रभाकरनं तिच्या वहीत लिहिलं, ‘काका तं लयच.’

तेव्हा मला पहिल्यांदा समजलं की मामला काय आहे. पोरीला शाळेत पुस्तकातली मराठी शिकवली होती, ओठ वाचायलाही त्याच मराठीत शिकवलं होतं. घरी यायची तेव्हा आईच्या, बापाच्या ओठांवर ती शाळेतले शब्द शोधायची, आणि ते तिथं नसायचेच. ‘मला’ शोधायची, तिथं ‘मले’ असायचं. ‘का’ शोधायची, तिथं ‘काऊन’. दहा वर्षांची होईपर्यंत ती स्वतःच्या घरात परकी बसून होती, आणि याचं कारण कुणाला उमगलं नव्हतं. त्या सुट्टीत ती टेबलावरून उठायची, घरी जाऊन आईच्या तोंडाकडे टक लावून बसायची, आणि दुसऱ्या दिवशी येऊन मोठ्या खुशीत वहीत लिहायची, ‘आई काऊन म्हणाली. मी पाहिले.’

त्यानंतर प्रभाकर थांबला नाही. माझं काम संपवून उरलेला सगळा वेळ तो खेळात. तीन वर्षं लागली. मी त्याला वीस वेळा तरी सांगितलं की हे पेन ड्राइव्हमध्ये घेऊन ठेव. ‘घेतो न शेठ.’ रंग भिंतीवर दिला की तो भिंतीवर राहतो, हा त्याचा आयुष्यभराचा अनुभव. भिंत कोणी उचलून नेत नाही.

उन्हाळ्याची सुट्टी लागली आणि तो मित्राला आणायला गेला. जाताना म्हणाला, ‘फक्त शेवटचा राजवाडा राह्यला. तिच्यासमोरच संपवतो.’

त्याच दिवशी साखरखेर्ड्याच्या एका क्लासवाल्याचा टेम्पो दारात आला. दहा मशिनं ठरली होती. घासाघीस दोन दिवस चालली होती आणि तो अजूनही सौदा मोडायच्या बेतात होता. चढवताना एक मशीन बंद पडलं. तो म्हणाला, ‘दहा म्हंजे दहा, नाई तं एक बी नको.’ माझं डोकं फिरलं. मी मागच्या टेबलावरचं मशीन उचललं. माझ्या दुकानाचा एक नियम आहे: कुणाचाही माल दुसऱ्याच्या घरी जात नाही, मशीन दुकानातून निघण्याआधी पूर्ण पुसलं जातं. तो नियम मीच केलेला, आणि त्या दिवशी मीच पाळला. हात सवयीनं चालले. टेम्पो वळणावरून दिसेनासा झाल्यावर मला आठवलं की त्या टेबलावर काय होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो पोरीला घेऊन आला. टेबलावर धुळीत मशीनचा चौकोन उमटलेला होता. मित्रा स्टूल ओढून त्या चौकोनासमोर बसली आणि वाट पाहू लागली, आता बाबा मशीन आणून ठेवतील म्हणून.

मी चूक झाली की आधी ओरडतो. तसाच ओरडलो. ‘पेन ड्राइव्हमधी घे म्हून किती डाव सांगतलं तुले? माझ्याच दुकानात, माझ्याच टेबलावर, अन् आता माझ्याकडे काय पाह्यतं?’

तो नालीवर गेला नाही. तोंडातला खर्रा तसाच ठेवून म्हणाला, ‘हाव शेठ. सांगतलं होतं.’

एवढंच. त्यानं माझी गचांडी धरायला पाहिजे होती. त्यानं तो कीबोर्ड माझ्या डोक्यात घालायला पाहिजे होता. मी तो घालून घेतला असता. आम्ही साखरखेर्ड्याला गेलो. क्लासवाल्यानं सगळं नवं चढवलं होतं. प्रभाकरनं ते मशीन ओळखलं, वरून हात फिरवला. ‘राहू द्या. भिंत खरवडल्यावर खालचा रंग निघत नाई.’ परत येताना सबंध रस्ता तो खिडकीबाहेर पाहत होता. अक्षरांच्या वह्या घरी शाबूत होत्या. पण वाक्यं सगळी तो थेट पडद्यावरच बसवायचा. अक्षरं राहिली आणि बोलणं गेलं.

आठवड्यानं तो दुकानात आला आणि गिऱ्हाईक उभं राहतं तिथं, गल्ल्यापुढं उभा राहिला. ‘एक मशीन पाह्यजे. केवढ्याले देता?’

फुकट दिलं असतं तर त्यानं घेतलं नसतं, हे मला माहीत होतं. म्हणून मी मुद्दाम भाव दुप्पट सांगितला, म्हणजे तो चिडेल, मला शिव्या देईल, आणि आम्ही दुपारभर भांडू. त्यानं खिशातून पैसे काढून गल्ल्यावर ठेवले.

‘अबे, भाव तं कर!’

‘नाई शेठ. बराबर हाय.’

मशीन त्यानं स्वतः उचलून ऑटोत ठेवलं. मी गल्ल्यावरून ओरडलो, ‘पेंटर, भांडून तं जा!’ रस्त्यावरचे दोघेतिघे नेहमीप्रमाणे हसले. तो हसला नाही. हे त्यानं माझ्याशी पहिल्यांदा केलं.

पुढं तो लोणारला राहायला गेला. त्याची बायको तिथं अंगणवाडीत होती. मालासाठी मी लोणारला जायचो, त्याच्या गल्लीवरून जायचो, पण आत वळलो नाही. तो का नाही येत, मी का जाऊ? कधी मेहकरला आला तर रस्त्याच्या पलीकडूनच ‘जयभीम, शेठ’ म्हणायचा. नजर मात्र पाटीवर. सगळ्या रस्त्यावर फ्लेक्स लागले, मी माझी पाटी काढली नाही. त्यानं किनारीचं नाव मात्र पुन्हा काढलं नाही.

गेल्या वर्षी एक तरुण मुलगी दुकानात येऊन उभी राहिली. मी ओळखलं नाही. तिनं मोबाइलवर काहीतरी टाइप करून माझ्यापुढं धरलं.

‘काका, बाबानं बलावलं हाय. लवकर चाला.’

मी ते दोनदा वाचलं. जिनं आयुष्यात एक शब्द ऐकला नाही, तिनं ते माझी आई बोलायची तसं लिहिलं होतं.

बसमध्ये तिनं पुढचं सांगितलं, तसंच टाइप करून. खर्र्यानं जे व्हायचं ते झालं होतं. जबड्याचं ऑपरेशन झालं, आणि तेव्हापासून त्याचं बोलणं कुणालाच समजत नव्हतं. ती एका केंद्रावर अर्ज टाइप करण्याचं काम करत होती. ‘घरात आता आमी तिघं बी हातानंच बोलतो,’ तिनं लिहिलं. ‘मले सोपं झालं.’

लोणारच्या त्या खोलीत प्रभाकर खुर्ची पार मागच्या भिंतीला टेकवून बसला होता. जबड्याभोवती दुपट्टा. उरला होता तो फक्त डोळ्यांत आणि हातांत. समोर मीच विकलेलं मशीन, आणि त्यावर बहुरूपी चालू. आवाज बंद, त्या घरात त्याची गरज कधीच नव्हती.

त्यानं मला शेजारी बसायची खूण केली आणि बुटक्या वीराला गावातून फिरवायला सुरुवात केली. विहिरीवरची बाई बोलली. म्हातारी बोलली: ‘काऊन आला बे?’ सगळं पहिल्यापासून परत केलेलं होतं, आणि यावेळी अक्षरांना दोन रंग होते, अक्षर आणि सावली. मग त्यानं वीराला एका दुकानात नेलं. गल्ल्यामागं जाड्या दुकानदार. चौकट उघडली: ‘माल जुना, पन खरा. घेता?’ खाली दोन पर्याय, हाव आणि नाई. प्रभाकरनं नाई दाबलं.

दुकानदाराच्या चौकटीत एकेक अक्षर उमटत गेलं.

‘भांडून तं जा!’

प्रभाकर पडद्याकडे पाहत नव्हता, माझ्याकडे पाहत होता. त्यानं वीराला बाहेर नेलं, परत आत आणलं, पुन्हा नाई दाबलं. ‘भांडून तं जा!’ असं चार वेळा. पाचव्यांदा माझा तोल गेला.

मी भांडलो. पेन ड्राइव्हपासून सुरुवात केली. अकरा वर्षं काढली, दुप्पट भाव काढला, ‘बराबर हाय’ काढलं, साखरखेर्ड्याच्या रस्त्यावर तो खिडकीबाहेर पाहत होता ते काढलं. ‘मानूस चुकते, मंग त्याले बोलाले नाई पाह्यजे का बे? मले चोर समजून गेला का तू?’ माझा आवाज शेजारी गेला असणार. मित्रा माझ्या ओठांकडे पाहत होती आणि तिला सगळं समजत होतं. प्रभाकरचे खांदे हलत होते, टेबलावर हलायचे तसे. मी थांबलो तेव्हा त्यानं डोळे पुसले, माझ्यापुढं हात धरला आणि तीन बोटं वर केली.

‘काय तीन?’

त्यानं हवेत चौकोन काढला. पाटी. आणि चौकोनाच्या कडेकडेनं बोट फिरवलं.

‘नाई,’ मी म्हणालो. ‘दोनवर तुटलं होतं. बदलनार नाई.’

तीन.

‘अबे, दोन. सावली देली तेच लय झालं.’

त्यानं नाही अशी मान हलवली. मीही हटलो नाही. मित्राची आई चहा घेऊन आली, चहा निवला, आम्ही तिथंच होतो. तो तीनवर, मी दोनवर. कितीतरी वर्षांनी मला बरं वाटत होतं. शेवटच्या बसची वेळ झाली तसा मी उठलो. म्हणालो, ‘आज नाई तुटत हे. पुढच्या सोमवारी येतो, मंग पाहू.’

सोमवार यायच्या आत तो गेला. हे दुसऱ्यांदा.

त्या दिवशी निघाल्यावर गल्लीच्या टोकाला जाऊन मी वळून पाहिलं होतं. तो उठून दारापर्यंत आला होता, मित्राचा आधार न घेता. डोळे बारीक करून, लांबून माणूस कसा दिसतो ते पाहिल्यासारखा पाहत होता. एका हातानं दुपट्टा धरलेला, दुसरा हात वर. तीन बोटं.